बारा गाठोडी

सहा वर्षांपूर्वी आमच्या गावानं एका जिनिंगवर, म्हणजे कापसातून सरकी काढणाऱ्या कारखान्यावर, बहिष्कार टाकला. त्यात एका माणसाचा उजवा हात कायमचा गेला. हात मोडला माझ्या चुलतभावानं. पण ज्या आकड्यावरून तो मोडला, तो माझ्या तोंडून निघाला होता. हे पोलिसांत लिहून दिलेलं आहे, त्यामुळे इथं नव्यानं काही कबूल करायचं आहे असं नाही. फक्त तिथल्या कागदावर जेवढी जागा होती तेवढंच आलं. बाकीचं इथं लिहितो.

मी चोवीस वर्षं बाजार समितीत मापाडी होतो. शेतकऱ्याचा माल काट्यावर तोलायचा आणि आकडा ओरडून सांगायचा, हे काम. इतकी वर्षं तोलल्यावर डोळाच काटा होतो. पोतं पाहून मी वजन सांगतो आणि शंभर किलोमागे दोन किलोच्या वर चुकत नाही. गावात लोक यावर पैज लावायचे. नंतर मी ते काम सोडून शेती पाहू लागलो, तरी मला सगळे ‘मापाडी’च म्हणत राहिले. मला त्याचा अभिमान होता.

आमचं गाव खामगाव-चिखली रस्त्यापासून आत, उंबरठे दोनशे बारा. जमीन काळी, पीक कापूस आणि तूर. रस्त्यावरच्या एका जिनिंगमध्ये आमचा बहुतेक कापूस जायचा. खेड्यात खरेदीला येणारी माणसं कोणाचीही असोत, माल शेवटी तिथंच उतरायचा. ते लोक क्विंटलमागे दोन किलो कट्टी लावायचे, म्हणजे ओल आहे, पत्ती आहे असं म्हणून शंभराचे अठ्ठ्याण्णव धरायचे. इथवर लोकांनी सोसलं. त्या वर्षी काटाही खोटा निघाला. मी माझे सात क्विंटल घरून तोलून नेले होते. तिथं ते सहा क्विंटल एकोणनव्वद भरले. दुसऱ्या दिवशी चुलतभावाचा माल मी स्वतः घरी तोलला, जिनिंगच्या काट्यावर तोही तितकाच कमी आला. मी ते पारावर सांगितलं. बहिष्काराची सुरुवात अशी माझ्याच आकड्यापासून आहे.

आमच्या घरात बहिष्काराची एक गोष्ट पिढीजात सांगतात. स्वातंत्र्याच्या चळवळीत खामगावच्या बाजारात विलायती कापडाची होळी पेटली, तेव्हा आजोबांनी अंगातला कोट काढून तिच्यात टाकला. दुसरा कोट नव्हता. तो हिवाळा त्यांनी घोंगडीवर काढला. ही गोष्ट वडील कोणीही पाहुणा आला की सांगायचे. त्याच दिवसाचा दुसरा भाग मात्र त्यांनी मला एकदाच सांगितला. एक कापडवाला दुकानातले तागे देईना, तेव्हा लोकांनी ते ओढून काढले आणि ओढाओढीत त्याचे दोन दात पडले. त्याचे हात मागून धरणाऱ्यांत आजोबा होते. कोट टाकला त्याच्या आधी की नंतर, हे वडिलांना माहीत नव्हतं.

वडिलांच्या तरुणपणी गावातल्या एका वस्तीनं मेलेली जनावरं ओढायचं बंद केलं. आता हे काम आम्ही करणार नाही, एवढंच त्यांनी सांगितलं. त्यावर गावानं त्या वस्तीतल्या कोणाला कामाला बोलवायचं नाही, विहिरीवर येऊ द्यायचं नाही असं ठरवलं. दोन्हीकडून बहिष्कारच होता. फक्त विहीर आणि शेतं एकाच बाजूकडे होती. पंधराव्या दिवशी त्या वस्तीतल्या चार झोपड्या जळाल्या. कोणी जाळल्या ते गावात सगळ्यांना माहीत होतं, आणि साक्षीला कोणी गेलं नाही. वडीलही गेले नाहीत.

माझ्या काळातला पहिला बहिष्कार मतदानावरचा. नाल्यावर पूल नव्हता म्हणून गावातून एकही मत पडलं नाही. एका पोराला मत टाकायचं होतं, त्याला दिवसभर त्याच्याच घरात कोंडून ठेवलं. पूल झाला. कोंडलेल्या पोराचं नंतर कोणी नाव काढलं नाही.

हे सगळं ठाऊक असूनही जिनिंगवरच्या बहिष्काराची सभा झाली तेव्हा मी पुढं बसलो होतो. ठरलं असं, की जिनिंगवाला कट्टी बंद करत नाही आणि काटा बदलत नाही तोवर गावाबाहेर कापूस जाणार नाही. एका म्हातारबुवांनी विचारलं, वातीसाठी, गादीसाठी लागतो त्याचं काय? दिवाळी होऊन गेली होती, लग्नं तोंडावर होती. आमच्याकडे लेकीच्या आंदणात गादी घरच्या कापसाची देतात. विकतची दिली तर सासरी बोल ऐकावा लागतो. तेव्हा मी हिशेब मांडला. वीस किलो कापसातून सात किलो रुई निघते, एका माणसाची गादी सहा-सात किलोची होते. म्हणून घरामागे वीस किलो सूट द्यावी, त्याच्या वर सापडला तर तो विक्रीचा धरावा. सगळ्यांनी मान डोलावली. नियम स्वच्छ होता. आजही मला त्या नियमात चूक सापडत नाही.

नाके तीन केले. मोठ्या रस्त्यावर आडव्या बैलगाड्या, नाल्याच्या पुलावर एक दोर, आणि शेजारच्या उंद्री गावाकडे निघणाऱ्या पांदणीवर सात माणसं. पांदण म्हणजे शेतांमधली गाडीवाट. तिथल्या सातांत मी होतो, आणि म्होरक्या चुलतभाऊ होता. तो माझ्याहून बारा वर्षांनी लहान. त्याला मी कडेवर खेळवलेलं. तापट होता, पण कामाला वाघ. त्याच्या बहिणीचं लग्न त्याच हंगामात होतं, आणि माझ्या मुलीचंही.

नवव्या दिवशी पुलावर एक मेटाडोर सापडला. वर कडबा होता, खाली तीन क्विंटल कापूस. ड्रायव्हरला लोकांनी मारलं. एका म्हाताऱ्यानं त्याच्या तोंडात कापूस कोंबला आणि नाक दाबून धरलं. ड्रायव्हर निळा पडायला लागला तेव्हा सोडलं. हे मी पुलावर नव्हतो म्हणून पाहिलं नाही, पण ऐकलं, आणि ऐकून मला बरं वाटलं. बहिष्कार टिकायचा तर थोडी धास्ती हवी, असं मी बोललोही.

अकराव्या दिवशी दुपारी दोनच्या सुमारास पांदणीनं एक मालवाहू ऑटो आला, गावातून बाहेर निघालेला. चालवणारा पिंजारी होता. तो उंद्रीचा. वय साठीच्या आतलं, दाढी पांढरी. आमच्या गावात तो त्याच्या वडिलांपासून येतो. घराघरांतून कापूस गोळा करायचा, उंद्रीला नेऊन यंत्रावर सरकी काढायची, पिंजायचा, आणि आठ दिवसांनी गाद्या शिवून आणायच्या. त्याला सगळं गाव चाचा म्हणतं. माझी स्वतःची लग्नातली गादी त्याच्या वडिलांनी भरलेली.

त्याची एक रीत होती. प्रत्येक घरचा कापूस तो त्याच घरच्या कापडात बांधायचा. बाया जुनं लुगडं नाहीतर चादर द्यायच्या, त्यात तो गाठोडं बांधायचा. कारण प्रत्येकीला गादीत आपल्याच शेतातला कापूस हवा असतो. दुसऱ्याचा मिसळला तर चालत नाही. कापडावरून त्याला घर कळायचं. लिहून ठेवायची गरज त्याला कधी पडली नाही.

त्या दिवशी त्याच्या ऑटोत बारा गाठोडी होती, दोरानं आवळून माणसाच्या डोक्याच्या वर रचलेली. तो सकाळी पुलावरून रिकामा आत आला होता, तेव्हा त्याला कोणी अडवलं नव्हतं. पांदण थेट उंद्रीला निघते म्हणून परतताना त्यानं ती धरली. आम्हाला तो चोरवाटेनं निघाल्यासारखा दिसला. गावात बाया काय देत होत्या ते आम्हाला माहीत नव्हतं. अकरा दिवस आम्ही नाक्यांवरच जेवत होतो.

चुलतभावानं ऑटो थांबवला आणि विचारलं, “चाचा, काय घेऊन चालले?”

“घराघरचा हाये बेटा. गादीचा.”

“इतल्या गाद्या?”

“लगनं हायेत न बे. तुह्याच घरचं हाये त्यात.”

हे त्यानं हसून सांगितलं. चुलतभावाला ते टोमण्यासारखं लागलं. मेटाडोरवालाही कडब्याचीच शपथ घेत होता, असं कोणीतरी मागून म्हणालं. मग चुलतभाऊ माझ्याकडे वळला.

“मापाडी, किती असन?”

मी ऑटोभोवती एक फेरा मारला. एका गाठोड्याखाली हात घालून उचलून पाहिलं. बारा गाठोडी, सरासरी अठरा किलो. मी सांगितलं, “दोन क्विंटल सोळा. फार तर दोन-चार किलो इकडेतिकडे.”

एवढंच मी बोललो. आकडा बरोबर होता. प्रत्येक घराला वीस किलोची सूट होती, आणि त्या बारा घरांतलं एकही घर विसाच्या वर गेलेलं नव्हतं. म्हणजे ऑटोत जे होतं ते माझ्याच नियमात बसत होतं. बारानं भागायला मला क्षणभरही लागला नसता, कारण मी बारानं गुणूनच तो आकडा काढला होता. पण मी बेरीज सांगितली. आयुष्यभर मी बेरीजच सांगत आलो होतो.

आणखी एक. वरून दुसऱ्या थरातलं डावीकडचं गाठोडं हिरव्या लुगड्यात होतं, काठ पिवळा, काठावर इस्तरीचा एक जळका डाग. ते लुगडं माझ्या बायकोचं होतं. मी ते तेव्हा पाहिलं की नाही, असं मला पोलिसांनी विचारलं नाही. पण दुसऱ्या थरात बाहेर आलेला तो डाग मला आज आठवतो. ते गाठोडं जळून राख झालं, म्हणजे नंतर पाहायला ते उरलंच नव्हतं. तेव्हा मी ते पाहिलेलं असलं पाहिजे.

दोन क्विंटल सोळा ऐकल्यावर सगळे एकदम पुढं सरकले. चुलतभावानं चाचाला कॉलर धरून खाली ओढलं आणि थोबाडीत मारली. चाचाची टोपी पडली. तो वळला आणि ऑटोच्या मागच्या लोखंडी फळीला उजव्या हातानं घट्ट धरून उभा राहिला. “खोलून पाहा,” तो म्हणत होता, “कपडे पाहा न, कपडे पाहा.” तो काय सांगतोय ते मला कळायला हवं होतं. बाकीच्यांना दोर सोडायचे होते आणि तो फळी सोडत नव्हता. चुलतभावाच्या हातात बैल हाकायची तुतारी होती, बाभळीची, टोकाला खिळा असलेली. त्यानं ती उलटी धरली आणि जाड बाजूनं त्या हातावर मारलं.

मी मोजत होतो. हे लिहायला लाज वाटते, पण मी ते मुद्दाम करत नव्हतो. काही खाली पडलं, कोणी काही मारलं, की माझ्या डोक्यात आकडा आपोआप पडतो. पहिल्या तीन फटक्यांत आवाज लोखंडाचा आला. चौथ्यापासून तसा येईना. सहाव्याला फळीवर रक्त पसरलं. आठव्याला त्याची बोटं सुटायला हवी होती, पण ती सुटली नाहीत. मला वाटतं तोवर ती मिटवायची किंवा उघडायची त्याच्या हाती राहिलेलं नव्हतं. अकराव्याला तो गुडघ्यावर बसला. मी चुलतभावापासून चार पावलांवर होतो.

मग एकानं काडी ओढली. कापूस धडाधडा पेटत नाही, आधी आतून धुमसतो. सरकीचं तेल तापलं की काळा, जाड धूर निघतो, घशात बसणारा. ऑटोची ताडपत्री वितळून थेंब थेंब खाली पडू लागली. मागचं चाक फुटलं तेव्हा दोघं पळाले. चाचाला आम्ही धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, ओढून बसवलं होतं. तो हात छातीशी धरून ऑटोकडे पाहत होता आणि एकेक करून बारा घरं सांगत होता, तोंडानं, मोठ्यानं नाही. अमक्याच्या घरची, तमक्याच्या सुनेची. पाचवं घर माझं होतं. सातवं चुलतभावाचं.

धूर पाहून वरच्या आळीतून बाया धावत आल्या. सगळ्यांत पुढं माझी काकू, म्हणजे चुलतभावाची आई. तिनं जळकी गाठोडी पाहिली, चाचाचा हात पाहिला, मुलाच्या हातातली तुतारी पाहिली.

“अबे, तुह्या बहिणीची गादी होती ते,” ती म्हणाली. “म्या सोता बांधून देल्ली सकायी.”

चुलतभावानं तुतारी खाली टाकली. मग काय वाटलं कोणास ठाऊक, पुन्हा उचलून जाळात फेकली. माझी बायको काकूच्या मागं उभी होती. तिनं एकदा मला पाहिलं, मग अंगावरचा पदर फाडून चाचाचा हात बांधला. त्याला खामगावला दवाखान्यात नेलं. दोन बोटं काढावी लागली, दोन वाकत नाहीत, अंगठा तेवढा राहिला. यंत्र आलं तरी गादीचं खरं काम हाताचंच असतं. रुई सारखी पसरायची, आणि मोठ्या सुईनं जाड टाके ओढायचे. टाका ओढायला उजव्या हाताची चारही बोटं लागतात.

त्याच संध्याकाळी पारावर सभा झाली. चाचाची विडी कापसावर पडली आणि ऑटो पेटला, हात फळीत सापडला, असं सांगायचं ठरलं. चाचा विडी ओढत नाही हे सगळ्यांना ठाऊक होतं. गावानं मिळून त्याला दुसरा ऑटो घेऊन द्यावा आणि त्यानंही विडीचंच सांगावं, असा निरोप गेला. चाचानं निरोप्याला चहा पाजला आणि परत पाठवलं. मारताना कोणी त्याचा धर्म काढला नव्हता. तिसऱ्या दिवशी, निरोप परत आल्यावर, काढला. यांना आपल्या गावात येऊच कशाला द्यायचं, आता यांच्यावरच बहिष्कार टाका, असं एक-दोघं बोलले. कोणी खोडून काढलं नाही. मीही नाही.

बायको चार दिवस माझ्याशी बोलली नाही. पाचव्या दिवशी सकाळी मी चहा घेत होतो तेव्हा तिनं विचारलं, “किती वार झाले?”

तिला माहीत होतं की मला माहीत असणार. मी अकरा म्हणालो.

“अकरा मोजले तुमी,” ती म्हणाली. “हात एक नाई धरला कोनाचा.”

मी कप खाली ठेवला, सदरा घातला आणि पोलीस ठाण्यात गेलो. कोणी मारलं, किती मारलं, काडी कोणी ओढली, वजन कोणी सांगितलं, सगळं लिहून दिलं. लिहून घेणारा म्हणाला, “तुमचं नाव कशाला घालता? तुम्ही काय केलं नाही.” मी म्हणालो, घाला.

चुलतभाऊ एकोणीस दिवस आत राहिला. काडी ओढणारा तेवढेच. खटला अजून चालू आहे, तारखा पडतात.

गावानं माझ्यावर बहिष्कार टाकला. सभा वगैरे झाली नाही, तशी गरज नव्हती. गिरणीवाल्यानं माझ्या मुलीच्या डोक्यावरचा डबा खाली न घेताच यंत्र बंद केलं. केस कापायला मी उंद्रीला जाऊ लागलो. वेचणीला एकही बाई येईना. शेतात अजून चोवीस क्विंटल कापूस फुटून लोंबत होता. आम्ही तिघं मिळून दिवसाला पाऊण क्विंटल वेचायचो, म्हणजे बत्तीस दिवस. बत्तीस लागले नाहीत. अठराव्या दिवशी सकाळी गेलो तर कापसात बैल सोडलेले. उरलेली झाडं तुडवलेली. धुऱ्यावरची तूर कोयत्यानं कापून टाकली होती, शेंगा भरलेल्या. मी झाडं मोजली, तीनशे चाळीस. घराच्या टिनांवर दगड पडायचे. मुलीच्या खांद्याला एक लागला.

चुलतभाऊ सुटून आला त्या दिवशी मी विहिरीवर होतो. त्यानं मला पायऱ्यांवरून खाली ढकललं, वर ओढलं आणि तोंडावर बुक्क्या मारल्या. “तू सांगतलं म्हून मारलं बे म्या,” तो पुन्हा पुन्हा तेच म्हणत होता. “काऊन सांगतलं होतं मंग?” पुढचे दोन दात गेले. पोलिसांनी विचारलं तेव्हा मी पायऱ्यांवरून घसरलो असं सांगितलं. पोलिसांपुढचं ते माझं एकमेव खोटं. ते का सांगितलं याचं उत्तर माझ्याकडे आहे, पण ते फार चांगलं नाही. तो जे विचारत होता ते बरोबर होतं, म्हणून.

जिनिंगवरचा बहिष्कार सतराव्या दिवशी सुटला. काटा बदलला. कट्टी दोन किलोवरून एकावर आली. गावात पेढे वाटले, आमच्या घरी आले नाहीत. दोन हंगामांत कट्टी पुन्हा दीड किलो झाली आणि कोणी काही बोललं नाही.

मुलीचं लग्न फाल्गुनात होतं. त्याआधी मी स्वतःच्या वेचलेल्या कापसातून वीस किलो तोलून घेतला, बायकोनं दुसरं लुगडं दिलं, त्यात बांधला आणि उंद्रीला चाचाकडे गेलो. हात बरा झाला असेल तर गादी त्याच्याकडूनच भरून घ्यावी, असं मला वाटत होतं. मी त्याच्या बाजूनं साक्ष दिली होती. त्यासाठी माझं शेत तुडवलं गेलं होतं. मला काही परत मिळेल असं वाटत होतं का? वाटत असावं.

चाचा दारातच बसला होता. उजवा हात मांडीवर, फडक्यानं झाकलेला. आत त्याची बायको आणि जावई यंत्र चालवत होते. हवेत रुईचा भुरका होता. भिंतीशी गाठोडी रचलेली होती आणि त्यातली तीन-चार कापडं मी ओळखली. आमच्याच गावची. काकूचं निळं लुगडंही होतं. तिनं पुन्हा कापूस पाठवला होता, आणि चाचानं तो घेतला होता.

त्यानं मला बसायला सांगितलं, चहा मागवला. मुलीचं विचारलं, दातांचं विचारलं. मग मी गाठोडं पुढं सरकवलं. त्यानं ते डाव्या हातानं हळूच माझ्याकडे परत सरकवलं.

“तुमच्या घरचा नाई घेत मी, मापाडीभाऊ.”

मला वाटलं हाताचं कारण असेल. मी म्हणालो, उशीर झाला तरी चालेल. त्यानं मान हलवली.

“मंग त्याच्या घरचा घेतला तो?” मी काकूच्या गाठोड्याकडे बोट दाखवलं. “मारलं त त्यानं.”

“त्यानं मारलं,” चाचा म्हणाला. “रागात होता, पोरगं हाये. तुमी तं तोलून देलं.”

त्याच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मी काही बोललो असतो. मी साक्षीची आठवण करून देणार होतो, पण त्यानं आधीच ती गोष्ट काढली. तुम्ही ठाण्यात खरं सांगितलंत, त्याबद्दल माझं घर तुमचं नाव चांगल्यानंच घेतं, असं तो म्हणाला. पण कापूस वेगळा. हात कापसावर फिरवूनच मी मोठा झालो, आणि तुमच्या कापसावर आता तो फिरवावासा वाटत नाही, असं त्याचं म्हणणं. चहा संपवून मी गाठोडं खांद्यावर घेतलं आणि आठ किलोमीटर चालत आलो. बस होती, पण गाठोडं घेऊन आमच्या गावच्या माणसांत बसायची माझी हिंमत झाली नाही.

मुलीला आंदणात फोमची गादी दिली. तिच्या सासूनं बोल लावलाच. लग्नाला पाहुणे आले, बायकोच्या माहेरचे आले. दोनशे बारा उंबरठ्यांतून एक माणूस आलं, काकू. ती पहिल्या पंगतीत सगळ्यांसमोर बसली आणि पोटभर जेवली. दुसऱ्या दिवशी चुलतभाऊ तिला काय बोलला ते मला माहीत आहे, इथं लिहीत नाही. गावाचा बहिष्कार पुढच्या पेरणीपर्यंत हळूहळू विरला. गिरणीवाल्यानं एक दिवस डबा उतरवून घेतला, इतकंच.

ते गाठोडं माळ्यावर आहे. दर वर्षी उन्हाळ्यात खाली काढून मी ते तोलतो. पहिल्याच उन्हाळ्यात विसाचे एकोणीस किलो दोनशे ग्रॅम झाले होते. म्हणजे क्विंटलमागे चार किलो कापूस नुसत्या ओलीनं उतरतो. जिनिंगवाला दोन कापायचा. काटा त्याचा खोटा होताच, त्यात वाद नाही, पण कट्टीचं त्याचं म्हणणं निव्वळ खोटं नव्हतं. हे मी गावात सांगून पाहिलं. ऐकणारा हसला आणि म्हणाला, “आता तोलू नका मापाडी, पुरे.”

चाचाला दुसरा ऑटो कोणी दिला नाही. जावयानं जुना घेतला. दिवाळीनंतर तो येतो, जावई चालवतो, चाचा शेजारी बसतो. आमच्या आळीत प्रत्येक घरापुढं ऑटो थांबतो. आमच्या दारापुढं वेग तेवढा कमी होतो. बायको दारात उभी असते, चाचा तिला सलाम करतो, ती हाताचं विचारते. मी ओट्यावर असतो. माझ्याकडे तो पाहत नाही, आणि मी त्याला हाक मारत नाही.

चुलतभावाच्या घरापुढं मात्र ऑटो थांबतो. चुलतभाऊ स्वतः गाठोडं घेऊन बाहेर येतो, मागची लोखंडी फळी खाली पाडतो, आत ठेवतो, फळी लावतो. दोघं एकमेकांशी बोलत नाहीत. एकदा फळीची कडी अडकली तेव्हा चाचा खाली उतरला, आणि दोघांनी मिळून ती बसवली. चाचानं डावा हात लावला होता.

ऑटो पांदणीकडे वळला की मी मागून गाठोडी मोजतो. यंदा नऊ होती.